लॅसी, चितंग्या आणि घरचा हिशेब

लहान मूल आणि कुत्रा म्हटलं की जगभर पहिलं नाव निघतं ते १९४३च्या ‘लॅसी कम होम’चं. यॉर्कशायरमधल्या एका घरात बापाचं काम सुटतं, चूल पेटायची पंचाईत होते आणि घरची कुत्री लॅसी एका बड्या सरदाराला विकावी लागते. तो तिला स्कॉटलंडला नेतो. तिथून शेकडो मैल चालत ती परत येते आणि त्या घरच्या जो नावाच्या पोराची शाळा सुटायच्या वेळेला नेहमीच्या जागी येऊन थांबते. मुक्या जनावराच्या मायेसाठी लोक हा चित्रपट आठवतात. मला मात्र त्याचं मूळ बापाच्या रिकाम्या खिशात दिसतं. घरात मजुरी येत असती तर लॅसी विकलीच गेली नसती.

हीच गोष्ट जालना जिल्ह्यातल्या आमच्या घनसावंगी तालुक्यात आणायची झाली तर कुत्रा उपयोगाचा नाही. शेतातल्या आखाड्यावरचं कुत्रं कुणी विकत आणत नाही, विकतही नाही. उरल्यासुरल्या भाकरीवर ते रात्रभर राखण करतं. त्याचा खर्च कुणी मांडत नाही. बैलाला मात्र कडबा लागतो, सरकी पेंड लागते आणि पेरणीच्या तोंडावर तो बसला की सगळं घर बसतं. म्हणून लॅसीचं मराठी भावंड शोधायचं ते मंगेश हाडवळे यांच्या ‘टिंग्या’त. २००८ साली पडद्यावर आलेल्या या चित्रपटाची भूमी जुन्नरची आहे, पण गोठा कुठलाही असू शकतो. टिंग्या नावाच्या पोराच्या घरचा चितंग्या बैल जायबंदी होतो, कामाचा राहत नाही. कर्जात बुडालेला बाप त्याला खाटकाला विकून दुसरा बैल आणायचं ठरवतो. त्याच वेळी शेजारच्या रशिदाची नानी अंथरुणाला खिळलेली असते. तिच्यावर उपचार चाललेले टिंग्या बघतो आणि विचारतो, म्हातारी माणसं विकत नाहीत, मग चितंग्यालाच का? मोठ्यांपाशी त्याचं उत्तर नाही. टिंग्या झालेल्या शरद गोयेकरला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

यावर कुणी म्हणेल, हे आता जुनं झालं. मार्च २०१५पासून राज्यात बैलाच्या कत्तलीलाही बंदी आहे आणि नांगरटीला ट्रॅक्टर आहेत. खरं आहे, पण कायद्याने गिऱ्हाईक बंद झालं, वैरणीचा खर्च थोडाच बंद झाला? २०१२-१३च्या दुष्काळात जालना जिल्हा होरपळला, तेव्हा दावणीची जनावरं जगवायची कशी हाच घरोघरचा प्रश्न होता. ट्रॅक्टरमुळे तर बैलाचा निकाल आणखी लवकर लागतो, कारण तो जायबंदी व्हायचीही वाट पाहावी लागत नाही. दुसरा आक्षेप जास्त वजनाचा आहे: असलं दुःख पोरांना दाखवायचंच कशाला? पण डिस्नेच्या १९५७च्या ‘ओल्ड येलर’मध्ये पिसाळलेल्या लाडक्या कुत्र्याला पोरगा स्वतःच्या हाताने गोळी घालतो आणि अमेरिकेत तो आजही घरच्यांनी मिळून बघायचा चित्रपट मानतात. आपल्याकडची पोरं तर पोळ्याच्या आदल्या दिवशी बैलाचे खांदे मळतात, दुसऱ्या दिवशी झूल घालून मिरवतात आणि पुढे कधी तोच बैल बाजाराला निघालेलाही बघतात. त्यांच्यापासून लपवायचं ते काय? लॅसीला निदान परत चालत येता आलं. खाटकाकडे गेलेला बैल येत नाही. या एका फरकासाठी मी ‘टिंग्या’ला वरचढ मानतो.

तालुक्यातल्या ज्या शाळेत पडदा आणि प्रोजेक्टर असेल, तिथल्या गुरुजींनी पोळ्याच्या आठवड्यात हे दोन्ही चित्रपट लागोपाठ दाखवावेत आणि दोन्ही बापांचं चुकलं कुठे, हे पोरांनाच विचारावं.