अक्कांचा वर्ग

स्किपोल विमानतळाच्या दक्षिणेला नीउ-व्हेनेप, होफ्डॉर्प अशी गावं आहेत. इथल्या मराठी पालकांना मुलांना जुनं दूरदर्शन दाखवायचा उमाळा आला, की हमखास 'एक, अनेक और एकता' लागतं. आंब्यासाठी उड्या मारणारी मुलं, जाळ्यासकट उडणारे पक्षी, जाळं कुरतडणारे उंदीर. आईबापांना गाणं तोंडपाठ असतं. हे केलं कुणी, असं विचारलं तर उत्तर येतं, "दूरदर्शननं." कर्ती मराठी बाई होती, हे क्वचितच कुणाला ठाऊक असतं.

ही बाई म्हणजे विजया मुळे. जन्म मुंबईचा, १६ मे १९२१ चा. सिनेमाच्या वर्तुळात सगळे त्यांना अक्का म्हणत. लग्नानंतर त्या पाटण्याला गेल्या, तिथे शिकल्या आणि १९४६ मध्ये शिष्यवृत्तीवर शिक्षणशास्त्रासाठी इंग्लंडमधल्या लीड्सला पोचल्या. सिनेमा पाहायची खरी सवय तिथल्या फिल्म सोसायटीत लागली. परतल्यावर शिक्षण खात्यातली नोकरी आणि फिल्म सोसायटीचं काम जोडीनं चाललं. १९५९ मध्ये देशभरच्या सोसायट्यांचा महासंघ उभा राहिला तेव्हा सत्यजित राय अध्यक्ष होते आणि मुळे संयुक्त सचिव. पुढे त्या सेन्सॉर बोर्डात होत्या. कोलकात्यात असताना त्यांनी हुगळी नदीत समुद्राकडून उलट्या चढणाऱ्या भरतीच्या लाटेवर माहितीपट केला, 'द टायडल बोअर' (१९६७). तोवर वय शेहेचाळीस. आपल्याकडे या वयात माणसं निवृत्तीचा हिशोब मांडायला बसतात.

यानंतरचं काम एनसीईआरटीच्या शैक्षणिक तंत्रज्ञान केंद्रातलं. 'एक, अनेक और एकता' तिथलंच, १९७४ चं. कथा आणि दिग्दर्शन मुळे यांचं, चित्रं ॲनिमेटर भीमसेन यांची. संगीत वसंत देसाई यांचं, म्हणजे सावंतवाडीकडच्या मातीतलं. गीत विनयचंद्र मौद्गल्य यांचं. दिल्लीत गांधर्व महाविद्यालय उभारणारे ते हेच. गाणाऱ्या मुलांत दाभोळची चिमुकली साधना सरगमही होती. सात-आठ मिनिटांच्या सरकारी फिल्ममागे एवढी माणसं, आणि त्यांतली दोघं कोकणची!

ही फिल्म टिकली ती तिच्या उपदेशामुळे, असं मला वाटत नाही. एकात्मतेचे उपदेश त्या काळात मुबलक होते आणि बहुतेक विसरले गेले. ही टिकली, कारण तिची सुरुवात एका लहान मुलाच्या साध्या अडचणीनं होते: 'अनेक' म्हणजे काय? ताई व्याख्येवर थांबत नाही. ती सूर्य एक, तारे अनेक, असं दाखवत जाते आणि मग गोष्ट सांगते. संस्कार झालेच तर ते कथेच्या पोटातून होतात. चित्रांत बारकावे जवळजवळ नाहीत. मोजक्या रेषा, सपाट रंग, आणि म्हणूनच कुठल्याही प्रांतातल्या पोराला ती मुलं आपल्या आळीतली वाटली. शेवटचं समूहगीत मात्र मला पूर्वार्धापेक्षा फिकं वाटतं. तिथे सरकारची गरज बोलते. पूर्वार्धात शिक्षिका बोलते.

हे लिहितो आहे ती जमीनही सरकारी खटाटोपातूनच आली. नीउ-व्हेनेप वसलंय तिथे दीडपावणेदोनशे वर्षांपूर्वी हार्लेमचं सरोवर होतं. १८४९ ते १८५२ या काळात वाफेच्या तीन अजस्र पंपांनी ते उपसलं. त्यांतला क्रूकियुस पंप आज संग्रहालय आहे. पाण्याशी चाललेली ही झुंज डच माहितीपटांचा आवडता विषय, आणि त्यातलं मोठं नाव बेर्ट हान्स्ट्रा. लेर्डामच्या काचकारखान्यानं त्यांना प्रचारपट करायला सांगितला. तो त्यांनी केलाच, पण त्याच चित्रीकरणाच्या आधारानं स्वतःसाठी 'ग्लास' (१९५८) नावाची छोटी फिल्मही केली. फुंकर घालणारे कारागीर, पुढे यंत्रांची रांग, मध्येच एक फुटकी बाटली जी सगळी रांग बिघडवते. निवेदन नाहीच. तिला ऑस्कर मिळालं. मुळे आणि हान्स्ट्रा या दोघांनाही दुसऱ्याच्या पैशात स्वतःचं काही करायची कला साधली होती. फरक असा, की हान्स्ट्रांचं नाव डच माणसाला माहीत असतं.

मुळे यांचं याहून मोठं आणि कमी दिसलेलं काम म्हणजे 'साइट', उपग्रहाद्वारे शिक्षणाचा प्रयोग. अमेरिकेचा एटीएस-६ उपग्रह भारताला वर्षभर मिळाला: १ ऑगस्ट १९७५ ते ३१ जुलै १९७६. सहा राज्यांतली सुमारे २४०० गावं. कोंबड्यांच्या खुराड्याला वापरतात त्या जाळीच्या, तीन मीटर रुंदीच्या छत्र्या. सकाळी शाळकरी मुलांसाठी कार्यक्रम, संध्याकाळी मोठ्यांसाठी. ज्या मुलानं सिनेमा तर सोडाच, टीव्हीचा पेटारासुद्धा पाहिला नव्हता, त्याला पडद्यावरून विज्ञान कसं सांगायचं? अशा मुलांसाठी लागणारा मजकूर तयार करण्यात मुळे यांच्या केंद्राचा मोठा वाटा होता. प्रक्षेपण हिंदी, तेलुगू, कन्नड आणि ओडिया या भाषांत झालं. सहा राज्यांत महाराष्ट्र नव्हता. त्यामुळे आपल्या खेड्यांना त्यांचं काम थेट भेटलंच नाही, आणि मराठी वाचकाला त्या अनोळखी राहिल्या याचं हे एक कारण असावं. दुसरं कारण आपलं आपल्याला ठाऊक आहे: नटनट्यांच्या आठवणींना दिवाळी अंकात पानं मिळतात, शैक्षणिक फिल्म करणाऱ्यांना नाही. अभिनेत्री सुहासिनी मुळे यांची आई एवढीच त्यांची ओळख काही लेखांत उरते.

१९८४ मध्ये विद्यापीठ अनुदान आयोगाचे दूरदर्शनवरचे वर्ग सुरू झाले. तिथेही मुळे होत्या. त्या कार्यक्रमांतले बरेचसे मला कंटाळवाणे आठवतात: इंग्रजी बोलणारे प्राध्यापक आणि मागे पडदा. दोष कुणा एकाचा नाही. ज्येष्ठ प्राध्यापकाला सात मिनिटांत गोष्ट सांगायला लावणं उपग्रह सोडण्यापेक्षा अवघड असतं.

२००२ मध्ये मुंबईच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात त्यांना व्ही. शांताराम पुरस्कार मिळाला. कुणी इथे थांबलं असतं. अक्का मात्र एका जाड पुस्तकाच्या मागे लागल्या होत्या: विसाव्या शतकात परदेशी चित्रपटांनी भारत कसा दाखवला. ते २०१० मध्ये आलं, त्या ८९ वर्षांच्या असताना. या विषयातली एक गोष्ट त्यांनी जवळून पाहिली होती. फ्रेंच दिग्दर्शक लुई माल यांच्याशी त्यांची मैत्री. माल यांची 'फँटम इंडिया' ही मालिका बीबीसीनं दाखवली, तेव्हा भारत सरकार इतकं चिडलं, की १९७० मध्ये बीबीसीचं दिल्लीचं कार्यालयच बंद करायला लावलं. मुळे याच सरकारच्या नोकरीत. मैत्री मात्र त्यांनी तोडली नाही. देशाच्या एकतेवरची सर्वांत लोकप्रिय फिल्म करणारी बाई, देशाची बदनामी केल्याचा ठपका असलेल्या माणसालाही घरातलंच मानत होती. १९ मे २०१९ ला दिल्लीत, अठ्ठ्याण्णवावा वाढदिवस होऊन तीनच दिवस झाले असताना, त्या गेल्या.