मोटारीचा कारखाना आणि भोंवतालचा मुलूख

पुणें-नाशिक रस्त्यावरील चाकण हें गांव इतिहासाच्या वाचकास संग्रामदुर्गामुळें ठाऊक असतें. इ. स. १६६० मध्यें फिरंगोजी नरसाळा यानें शाइस्तेखानाच्या प्रचंड सैन्यासमोर तो लहानसा भुईकोट सुमारें दोन महिने लढविला. व्यापाऱ्यास तेंच गांव कांद्याबटाट्याच्या बाजारामुळें माहीत असतें. गेल्या पंचवीस वर्षांत मात्र चाकणचें नांव परदेशांत गेलें तें तिसऱ्याच कारणानें, आणि तें कारण म्हणजे मोटारी. जर्मनीच्या फोक्सवॅगन कंपनीनें २००९ सालीं येथें कारखाना उघडला. पिंपरीस बिऱ्हाडकरू म्हणून राहिलेल्या मर्सिडीज-बेंझनेंहि त्याच वर्षीं येथें स्वतःचें घर बांधलें. महिंद्रांचा विस्तीर्ण कारखाना त्यांच्या पाठोपाठ आला. बजाजच्या मोटारसायकली तर त्याआधींच येथें तयार होऊं लागल्या होत्या. असा कारखाना एखाद्या मुलखांत येतो तेव्हां त्या मुलखांत पैसा कोणत्या वाटेनें येतो, कोणाच्या हातीं पडतो आणि कोणत्या वाटेनें निघून जातो, हा प्रश्न दिसतो तितका सोपा नाहीं.

पुष्कळांची अशी समजूत असते कीं, कारखान्यांत जितके लोक कामास लागले तितकाच त्या मुलखाचा लाभ. ही समजूत अपुरी आहे. मोटारीचा कारखाना हें नांव कांहींसें फसवें आहे. कारण त्या कारखान्यांत मोटारीचा थोडाच भाग तयार होतो. एका मोटारींत बारीकसारीक स्क्रूसुद्धां धरले तर वीस ते तीस हजार सुटे भाग असतात. पत्रा दाबून सांगाडा करणें, तो जोडणें, रंगविणें, इंजिन बसविणें आणि शेवटीं सर्व जुळवून गाडी चालती करणें, एवढें मुख्य कारखान्याचें काम. बाकीचें सर्व बाहेरून येतें. मोटारीच्या किंमतीचे जे शंभर रुपये कारखानदारास मिळतात, त्यांपैकीं ढोबळ मानानें दोन तृतीयांश रक्कम कच्चा माल आणि सुटे भाग यांच्यापायीं पुन्हां बाहेर जाते. म्हणून खरा प्रश्न हा कीं, ती रक्कम बाहेर म्हणजे कोठें जाते? ती भोसरीस गेली तर मुलूख पिकतो; परदेशांतील एखाद्या बंदराकडे गेली तर मुलखाच्या वाट्याला जोडणीची मजुरी तेवढी राहते.

एकाच भागाचा प्रवास पाहिला म्हणजे हें स्पष्ट होईल. इंजिनांतील क्रँकशाफ्ट हा दंडा तापलेल्या पोलादावर अवजड घणाचे घाव घालून घडवावा लागतो. हें घडाईचें काम पुण्यांत मुंढवा येथें, १९६१ सालीं स्थापन झालेल्या भारत फोर्ज कंपनींत होतें. घडविलेला दंडा पुढें यंत्रावर कांतावा लागतो, त्यास कडकपणा यावा म्हणून भट्टींत घालावा लागतो, मग एका केसाच्याहि कितीतरी लहान भागाइतका फरक राहूं नये अशा बेतानें घांसावा लागतो. यांतील एक काम एका ठिकाणीं, दुसरें दुसऱ्या ठिकाणीं, अशी वांटणी असते. शिवाय ज्या हत्यारानें कांतावयाचें त्याला धार लावणारा निराळा, साचा दुरुस्त करणारा निराळा, मापें तपासून देणारा निराळा, माल टेंपोंतून पोंचविणारा निराळा. भोसरीच्या औद्योगिक वसाहतींत हिंडलें तर पत्र्याच्या छपराखालीं दोन लेथ आणि एक ड्रिल घेऊन बसलेली शेंकडों लहान वर्कशॉपें दिसतील. त्यांना ‘जॉबवर्क’ करणारे म्हणतात. त्यांपैकीं पुष्कळांच्या मालकांनीं पूर्वीं मोठ्या कारखान्यांत कामगार म्हणून नोकरी केलेली असते. त्यांच्या वर्कशॉपावर मोटारीच्या कंपनीचें नांव नसतें आणि त्या कंपनीच्या हजेरीपटांतहि त्यांची माणसें नसतात. परंतु मोटारीच्या धंद्याचें बहुतेक पोट येथें भरतें.

हें जाळें पुण्याभोंवतींच कां विणलें गेलें, याचें उत्तर थोडें मागें जाऊन शोधावें लागतें. हिंदुस्थानांत मोटारी जोडण्याचें काम प्रथम मुंबईंत सुरू झालें. अमेरिकेच्या जनरल मोटर्सनें १९२८ सालीं शिवडीस आपला जोडणीचा कारखाना काढला. पेट्यांतून आलेले भाग येथें जोडावयाचे आणि गाडी विकावयाची, असा तो व्यवहार. देशांतच संपूर्ण मोटार तयार व्हावी असा आग्रह सर विश्वेश्वरय्या यांनीं धरला होता. सोलापुरास जन्मलेले शेठ वालचंद हिराचंद यांनीं १९४४ मध्यें प्रीमियर ऑटोमोबाइल्स स्थापून कुर्ल्यास ती गोष्ट आरंभली. पुढें १९५३ सालीं टॅरिफ कमिशनच्या शिफारशीवरून सरकारनें असें ठरविलें कीं, ज्यांना देशांत भाग तयार करण्याचा कार्यक्रम आंखावयाचा असेल त्यांनींच राहावें. तेव्हां जनरल मोटर्स आणि फोर्ड या दोन्ही कंपन्यांनीं आपला बाडबिस्तारा आवरला. या धोरणामुळें गिऱ्हाइकास पुढें तीस वर्षें जुन्या घाटाच्या गाड्या महाग किंमतीस घ्याव्या लागल्या, ही तक्रार खोटी नाहीं. परंतु सुटे भाग करणाऱ्यांची एक पिढी त्याच आडोशास वाढली, हेंहि तितकेंच खरें.

मुंबईंत जागा तोकडी आणि महाग. पुण्यापलीकडे पिंपरीस सरकारचा पेनिसिलिनचा कारखाना १९५४ सालींच आला होता. आगगाडी आणि मुंबईचा हमरस्ता शेजारून जात होते. आणि १९६२ मध्यें स्थापन झालेल्या महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळानें येथें जमीन, पाणी, वीज आणि रस्ते तयार करून देण्यास प्रारंभ केला. बजाज टेंपो आणि बजाज ऑटो आकुर्डीस आल्या. पण या मुलखाला वळण लावणारी गोष्ट म्हणजे १९६६ मध्यें पिंपरीस आलेली टाटांची टेल्को. तिचे सूत्रधार सुमंत मुळगांवकर यांनीं घाईनें मालमोटारी काढण्याचा मोह टाळला. आधीं टूलरूम, म्हणजे साचे आणि हत्यारें करण्याची शाळाच म्हणावी, ती उभारली. उमेदवार मुलें घेऊन त्यांना वर्षानुवर्षें शिकविलें. यंत्रें करणारीं यंत्रें तयार केलीं. आवारांत तळें खोदलें आणि झाडें लावलीं. पुण्याच्या कारखान्यांतून पहिली मालमोटार बाहेर पडली ती १९७७ सालीं. हिशेबनीसाच्या दृष्टीनें मधलीं अकरा वर्षें तोट्याचीं दिसतील. मुलखाच्या दृष्टीनें तींच सर्वांत नफ्याचीं ठरलीं. कारण तेथें शिकलेला हात नोकरी सोडून गेला तरी पुण्याबाहेर क्वचित् गेला. तो भोसरीस किंवा चिंचवडास स्वतःचा लेथ टाकून बसला.

आल्फ्रेड मार्शल या इंग्रज अर्थशास्त्रज्ञानें १८९० सालच्या आपल्या ग्रंथांत हेंच मर्म दाखविलें आहे. शेफील्डास चाकूकात्र्यांचा धंदा प्रथम जमला तो तेथील सहाणेच्या दगडामुळें; पण एकदां जमल्यावर तो तेथेंच टिकतो, कारण कसबी माणूस, त्याला लागणारें हत्यार आणि त्याच्या मालाचें गिऱ्हाईक हीं तिन्ही एका हांकेच्या अंतरावर येतात. पुण्यास सहाणेचा दगड नव्हता, पण किर्लोस्करांच्या इंजिनांची परंपरा होती, इंजिनिअरिंगचें जुनें कॉलेज होतें, आणि १९६६ पासून वेताळ टेकडीवर मोटारींची कसोटी पाहणारी ए.आर.ए.आय. ही संस्थाहि होती. चाकणला परदेशी कंपन्या आल्या त्या केवळ सरकारी सवलतींसाठीं आल्या असें मानणें भाबडेपणाचें होईल. सवलती तर दुसरीं राज्येंहि देत होतीं.

या सर्वांचा परिणाम म्हणून पिंपरी, चिंचवड, आकुर्डी आणि भोसरी या चार गांवांची १९७० सालीं नगरपालिका झाली व १९८२ मध्यें तिची महानगरपालिका झाली. २००१ च्या खानेसुमारींत तिची वस्ती दहा लाखांवर गेली आणि २०११ मध्यें सतरा लाखांवर. साताऱ्याहून, सोलापुराहून, मराठवाड्यांतून आणि खानदेशांतून माणसें आलीं. पुढें उत्तर हिंदुस्थानांतूनहि आलीं. त्यांना राहावयास खोल्या लागल्या, जेवावयास खानावळी लागल्या, मुलांना शाळा लागल्या. कामगाराचा पगार वाण्याकडे जातो, वाण्याकडून घरमालकाकडे, घरमालकाकडून गवंड्याकडे. एक रुपया मुलखांतून बाहेर पडण्यापूर्वीं चार हात फिरतो. अर्थशास्त्रांत यास गुणक म्हणतात. शिवाय जकात होती. कारखान्यांत येणाऱ्या पोलादावर आणि मालावर नाक्यावरच कर मिळत असे, त्यामुळें ही महानगरपालिका आशियांतील अत्यंत श्रीमंत नगरसंस्थांपैकीं एक म्हणून मिरवूं लागली. रुंद रस्ते, उड्डाणपूल, उद्यानें हीं त्या जकातीचीं फळें. तेथें जकात २०१३ मध्यें गेली, तिच्या जागीं आलेला स्थानिक संस्था कर फार टिकला नाहीं, आणि २०१७ सालीं वस्तु व सेवा कर आला. हा नवा कर माल जेथें तयार होतो तेथें नव्हे, तर जेथें विकला जातो त्या राज्यास मिळतो. मोटार चाकणची असली आणि गिऱ्हाईक लखनौचें असलें, तर राज्यांमधील वांटणींत कराचा हिस्सा लखनौकडे जातो. जी नगरपालिका पूर्वीं आपल्या नाक्यावर उभी राहून पैसे मोजून घेत असे, ती आतां राज्य सरकारच्या भरपाईकडे डोळे लावून बसते. ही गोष्ट कारखान्यांच्या उद्घाटनसमारंभांत कोणी बोलत नाहीं.

उद्घाटनाच्या दिवशीं रोजगाराचा जो आंकडा वर्तमानपत्रांत छापून येतो, तोहि बेतानें वाचावा. त्यांत कायम कामगार किती, कंत्राटी किती आणि शिकाऊ म्हणून घेतलेले किती, हें दिलेलें नसतें. एकाच जोडणीच्या पट्ट्यावर, एकाच पाळींत, तेंच काम करणाऱ्या दोघांच्या पगारांत दुपटीहून अधिक अंतर असूं शकतें. कायम कामगार कर्ज काढून घर बांधतो. कंत्राटी कामगार चौघांत एक खोली घेतो आणि मुदत संपली कीं दुसरें फाटक शोधतो. गुणकाचें गणित दोघांच्या बाबतींत सारखें चालत नाहीं.

जमीन आणि पाणी यांचा हिशेबहि या जमाखर्चांत धरला पाहिजे. एकरकमी पैसा हातीं आल्यावर कांहीं शेतकऱ्यांनीं चाळी बांधल्या, टेंपो घेतले, ठेके मिळविले आणि ते सावरले. कांहींचा पैसा गाड्यांत आणि लग्नांत गेला व उरलें तें फाटकाशीं रखवालदाराचें काम. पवनेचें पाणी बंद नळांतून थेट पिंपरी-चिंचवडास न्यावें, या योजनेस मावळांतील शेतकऱ्यांनीं विरोध केला. ९ ऑगस्ट २०११ रोजीं द्रुतगती मार्गावर बऊर येथें झालेल्या गोळीबारांत त्यांच्यापैकीं तिघे मृत्युमुखीं पडले, आणि ती योजना पुढें कित्येक वर्षें स्थगित राहिली.

सर्वांत मोठें भय मात्र निराळें आहे. एका धंद्यावर उभा राहिलेला मुलूख त्या धंद्याबरोबर बसतो. अमेरिकेंत हेन्री फोर्डनें १९१३ सालीं सरकता पट्टा सुरू केला आणि पुढच्याच वर्षीं दिवसास पांच डॉलर मजुरी जाहीर केली, तें डेट्रॉइट १९५० मध्यें साडेअठरा लाख वस्तीचें होतें. २०२० च्या गणनेंत तेथें साडेसहा लाखहि माणसें उरलीं नव्हतीं, आणि मध्यंतरीं २०१३ मध्यें त्या शहरानें दिवाळें काढलें. ऑस्ट्रेलियांत निस्सान कंपनीनें आपला कारखाना बंद केला, तेव्हां तेथील यंत्रसामग्री टाटांनीं विकत घेऊन जहाजानें आणली आणि तिच्यावर पिंपरीस इंडिका तयार केली. ही गाडी १९९८ च्या अखेरीस बाजारांत आली. तिचा पुण्यास योग्य तो अभिमान वाटला. त्या यंत्रांवर पूर्वीं काम करणाऱ्या ऑस्ट्रेलियन कामगारांचें काय झालें असेल, हा विचार मात्र त्या वेळीं फारसा कोणी केला नाहीं.

तो विचार करण्याची पाळी तळेगांवावर आली. १९५४ मध्यें मुंबईंतून गेलेली जनरल मोटर्स पुन्हां हिंदुस्थानांत आली आणि २००८ सालीं तिनें तळेगांवास कारखाना काढला. २०१७ मध्यें तिनें या देशांतील विक्री सोडली, आणि २०२० च्या डिसेंबरांत कारखानाहि थांबला. सुमारें चौदाशे कायम कामगारांचा तंटा न्यायालयांत गेला. एका चिनी कंपनीशीं झालेला सौदा मोडला. २०२३ मध्यें ह्युंडाईनें तो कारखाना घेण्याचा करार केला आणि २०२५ सालीं तेथून पुन्हां मोटारी बाहेर पडूं लागल्या. इमारत आणि यंत्रें यांना नवा धनी मिळाला. पण मधल्या पांच वर्षांत चाळिशी ओलांडलेल्या जोडारी कामगाराला गमावलेली ज्येष्ठता कोणी परत दिली नाहीं. तळेगांव डेट्रॉइट झालें नाहीं, याचें श्रेय आजूबाजूच्या जाळ्यास आहे. भाग पुरविणारे एकाच कंपनीचे बांधील नव्हते. त्यांनीं दुसरीं गिऱ्हाइकें पाहिलीं. ज्या वर्कशॉपाचीं चार गिऱ्हाइकें होतीं तें तगलें; ज्याचें एकच होतें तें बुडालें.

आतां त्या जाळ्याचीच परीक्षा आहे. टाटांची नेक्सॉन ही विजेवर चालणारी मोटार २०२० सालापासून रांजणगांवास तयार होऊं लागली. आकुर्डीस, जेथें पूर्वीं पेट्रोलच्या स्कूटरी होत, त्याच आवारांत २०२२ मध्यें विजेच्या चेतकचा कारखाना सुरू झाला. विजेच्या गाडीस क्रँकशाफ्ट नाहीं, पिस्टन नाहीं, धुराडें नाहीं. इंजिनांत फिरणारे भाग शेंकड्यांनीं मोजावे लागतात. विजेच्या मोटरींत ते बोटांवर मोजण्यासारखे असतात. गाडीच्या किंमतीचा सर्वांत मोठा वाटा बॅटरीचा, आणि तिच्यांतील सेल अद्याप बव्हंशीं परदेशांतून, विशेषतः चीनमधून येतात. म्हणजे जी रक्कम पन्नास वर्षें मुंढव्यास आणि भोसरीस जात होती, तिचा मोठा भाग पुन्हां बंदराकडे वळण्याचा संभव आहे, आणि शिवडीच्या जोडणीचा जुना व्यवहार नव्या वेषांत परत येऊं शकतो. मोठ्या कंपन्यांनीं हें ओळखून विमानांच्या आणि तोफांच्या भागांकडे मोर्चा वळविला आहे. दोन लेथांच्या धन्यापाशीं तेवढें भांडवल नाहीं. त्याच्यापाशीं आहे तो हात. ब्रेक, सस्पेन्शन, चाकांचे तुंबे, स्टिअरिंग हीं कामें विजेच्या गाडींतहि राहणार, आणि शेतीच्या अवजारांना व पंपांना लागणारे भागहि त्याच लेथावर कांतले जातात. भोसरींत कांहींजणांनीं ते काढण्यास आरंभ केला आहे.