पडद्यामागचा वृत्तनिर्माता

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले आणि पुढच्याच वर्षी सिंहगडावरील प्रक्षेपकामुळे त्याचे कार्यक्रम पुण्यात दिसू लागले. भक्ती बर्वे, स्मिता पाटील, प्रदीप भिडे हे वृत्तनिवेदक घरोघरी परिचयाचे झाले. त्यांच्या हातातील बातम्यांची निवड करणाऱ्यांची, त्यांचा क्रम लावणाऱ्यांची नावे मात्र फारशी कोणाच्या स्मरणात नाहीत. आपल्या अनेक मुलामुलींना आज वृत्तवाहिन्यांचे आकर्षण वाटते. म्हणून कॅमेऱ्यासमोर न येणाऱ्या या वृत्तनिर्मात्याच्या कामाची ओळख येथे करून देत आहोत.

पुण्याच्या मंडईतील एक साधी बातमी घेऊ : कांदा महागला. सकाळच्या बैठकीत विषय ठरतो. बातमीदार आणि कॅमेरामन मंडईत जाऊन गाळ्यांची दृश्ये व लोकांच्या प्रतिक्रिया टिपतात. त्या साऱ्या चित्रीकरणातून पडद्यावर जेमतेम दीड-दोन मिनिटे उरतात. काय ठेवायचे आणि काय वगळायचे, हे निर्माता पाहतो. तो संहिता तपासतो, संकलकाशेजारी बसून दृश्ये जुळवितो, पडद्यावर झळकणारी अक्षरे वाचून घेतो. बातमीपत्र सुरू झाले की नियंत्रण कक्षातून निवेदकाच्या कानात सूचना देतो. एखादी दृश्यफीत वेळेत पोचली नाही, तर पुढची बातमी आधी घेण्याचा निर्णय काही सेकंदांत घ्यावा लागतो.

मात्र त्याची खरी कसोटी घाईत नसून विचारपूर्वक प्रश्न करण्यात आहे. गुलटेकडीच्या मार्केट यार्डात ठोक भाव बहुधा दहा किलोंचा सांगतात; मंडईत गिऱ्हाईक किलोने भाव विचारते. हे दोन आकडे शहानिशा न करता शेजारी मांडले, तर प्रेक्षकाची दिशाभूल होते. गिऱ्हाइकाची तक्रार ऐकवली, पण शेतकऱ्याच्या हाती काय पडले आणि पोती वाहणाऱ्या हमालाला काय मिळाले, हे विचारलेच नाही, तर बातमी खोटी ठरत नाही. पण ती अपुरी राहते. कोणाचा आवाज घरोघरी पोचावा, हे ठरविण्याचा अधिकार निर्मात्याच्या हाती असतो, आणि म्हणूनच जबाबदारीही.

मंडईचा इतिहासही हेच सांगतो. १८८६ साली ही वास्तू गव्हर्नर लॉर्ड रे यांच्या नावाने उभी राहिली. आज ती महात्मा फुले मंडई आहे. पुणे नगरपालिकेचे सभासद असताना जोतीरावांनी या बांधकामाच्या खर्चाला विरोध केला होता. तो पैसा शिक्षणासाठी वापरावा, असे त्यांचे म्हणणे होते. पाटीवर केवळ नाव दिसते. त्यामागचा विरोध विचारल्याशिवाय कळत नाही. पाटीपाशी न थांबणे हेच वृत्तनिर्मात्याचे काम होय.

या क्षेत्रात येऊ इच्छिणाऱ्यांसाठी पुण्यातच विद्यापीठाचा संज्ञापन व वृत्तपत्रविद्या विभाग आहे. रानडे इन्स्टिट्यूट म्हणून तो सर्वांना ठाऊक आहे. पदवीबरोबरच शुद्ध मराठी, आकड्यांची जाण, रोजचे वाचन आणि रात्रपाळीची तयारी हवी. या कामात प्रसिद्धी थोडी, हे पालकांनीही ध्यानात घ्यावे. परंतु आमच्या विद्यार्थ्यांपैकी कोणी उद्या त्या नियंत्रण कक्षात बसला, आणि ज्याला कोणी विचारले नाही त्या माणसाचे दोन शब्द त्याने बातमीत राखले, तर या शाळेला त्याचे समाधान मोठे वाटेल.