जुनापाणीची शिळावर्तुळे

नागपूरहून काटोलकडे जाताना जुनापाणीच्या माळावर काळ्या धोंड्यांची मोठमोठी वर्तुळे दिसतात. अशी सुमारे 300 वर्तुळे इथे आहेत. ती लोहयुगातल्या माणसांनी, इसवी सनापूर्वीच्या पहिल्या सहस्रकात, आपल्या मृतांसाठी रचली. कडेने मोठे धोंडे बसवायचे आणि आत दगडगोटे व मातीचा भराव घालायचा, अशी साधारण रीत. त्याखाली हाडे, काळी-तांबडी मडकी, लोखंडी कुऱ्हाडी, छिन्न्या, खंजीर सापडतात.

मला सर्वांत थक्क करतात ते घोडे. जवळच्या माहुरझरीत पुरातत्त्वज्ञ शां. भा. देव यांच्या उत्खननात घोड्यांचे अवशेष आणि त्यांच्या डोक्यावर चढवायचे तांब्याच्या पत्र्याचे साज मिळाले. धन्याबरोबर घोडाही पुरला जात होता आणि तोही सजवून! विदर्भातल्याच नायकुंडला तर लोखंड गाळण्याची भट्टीच सापडली; म्हणजे ही हत्यारे घडवण्याची विद्या याच मुलखात होती.

जुनापाणीच्या काही धोंड्यांवर वाटीसारखे छोटे खळगे ओळीने कोरलेले आहेत. ब्रिटिश अधिकारी रिव्हेट-कार्नॅक यांनी 1879 मध्ये त्यांविषयी लिहिले. हे खळगे दिशा किंवा आकाशाशी जोडलेले असावेत, असे काही अभ्यासकांना वाटते. पण त्यावर एकमत नाही. माझ्या मते आधी प्रत्येक धोंड्याची जागा आणि दिशा नीट नोंदवायला हवी. शेती, खाणी आणि वाढत्या वस्तीपायी विदर्भातली वर्तुळे मोडत आहेत. धोंडा एकदा हलवला की त्याची दिशा कायमची पुसली जाते.