टाके निघाले म्हणजे झालं?

मेकॅनिकलच्या पोरानं ऑपरेशनच्या टाक्यांवर लेख लिहायला घेतला म्हटल्यावर आमच्या रूमवर हशा पिकला. एकानं तर विचारलं, "काय रे, मेडिकलची केटी राहिली होती का?" हसा बापड्यांनो! पण स्ट्रेस, स्ट्रेन, फॅक्टर ऑफ सेफ्टी या शब्दांचा अर्थ मला एसओएमच्या पुस्तकापेक्षा आईच्या पोटावरच्या बारा सेंटीमीटरच्या व्रणानं जास्त शिकवला. म्हणून लिहितोय.

सेकंड इयरची परीक्षा संपली आणि त्याच आठवड्यात आईचं पिशवीचं ऑपरेशन झालं. गाठ मोठी होती म्हणून पोटावर उभा छेद घेतला होता. दहाव्या दिवशी सिस्टरनं टाके काढले तेव्हा मी शेजारी उभा होतो. नायलॉनचा काळा दोरा. चिमट्यानं गाठ उचलायची, कातडीलगत एक बाजू कापायची आणि अलगद ओढायचं. पाच मिनिटांचं काम. मागे राहिली एक गुलाबी रेघ आणि तिच्या दोन्ही बाजूंना टाचणी टोचल्यासारखे ठिपके. बाहेर येऊन मी मामाला फोन लावला, "टाके निघाले, आई एकदम ठणठणीत!"

आमच्या गावात नळाला सकाळी सहाला पाणी येतं, जेमतेम पाऊण तास. ऑपरेशन झाल्यापासून पाणी मीच भरत होतो. टाके निघाले त्याच्या दुसऱ्या दिवशी मी उठलो नाही. जाग आली तेव्हा साडेसात वाजले होते आणि हंडे भरून ओळीनं ठेवलेले होते. आई म्हणाली, "गाढ झोपला होतास, म्हटलं झोपू दे. टाके तर निघालेत आता." आणि मला ते पटलं. खरं सांगायचं तर हा लेख त्या 'पटलं' साठीच आहे. सुट्टी संपेपर्यंत पुढचे सगळे दिवस पाणी तिनंच भरलं.

दिवाळीत घरी गेलो तर आई सारखी पोटावर हात धरून चालताना दिसली. बेंबीखाली, त्याच रेघेवर, लिंबाएवढा फुगवटा. खोकली की बाहेर यायचा, आडवी झाली की आत जायचा. पुन्हा डॉक्टरांकडे. हर्निया! ऑपरेशनच्या जागेचा. डॉक्टरांनी जुनं डिस्चार्ज कार्ड मागितलं आणि टेबलावर माझ्यासमोर ठेवलं. त्यावर दोन ओळी होत्या. एक : दहाव्या दिवशी टाके काढणे. दोन : सहा आठवडे जड वजन उचलू नये. मी फक्त पहिली वाचली होती.

डॉक्टर भले माणूस होते, ओरडले नाहीत. मी इंजिनिअरिंगला आहे कळल्यावर त्यांनी औषधाच्या चिठ्ठीमागे पोटाचा सेक्शन काढून दाखवला. वरून खाली : कातडी, मग चरबी, मग एक पांढरा, चिवट पडदा, त्याखाली आतलं पातळ अस्तर आणि मग आतडी. त्या पांढऱ्या पडद्याला ते 'शीथ' म्हणत होते. पोटाचे स्नायू दोन्ही बाजूंनी येऊन मधोमध याच पडद्यात घट्ट विणले जातात. पोट बांधून धरण्याचं काम तो करतो. कातडी म्हणजे नुसता रंगाचा हात! आणि सिस्टरनं जे काढले ते टाके कातडीचे होते. शीथचे टाके आतच होते, ते कुणी काढतच नाही.

म्हणजे मी रंग वाळलेला बघून बीम तयार झाला असं समजत होतो.

कातडीचा वरचा थर खरंच भराभर जुळतो. नीट कापून नीट शिवलेल्या जखमेवर एक-दोन दिवसांत पेशींचा पातळ पापुद्रा सरकत येऊन फट बंद करतो. म्हणूनच टाके लवकर काढता येतात. चेहऱ्यावरचे चार-पाच दिवसांत, पोटावरचे साधारण सात ते दहा, सांध्यावरचे चौदा दिवसांपर्यंत. जास्त दिवस ठेवले तर दोरा कातडीत रुततो, भोकांतून जंतू आत जातात आणि जन्मभर शिडीसारखी खूण राहते. म्हणजे टाके काढायची तारीख दोऱ्याच्या सोयीनं ठरते. जखमेच्या ताकदीशी तिचा संबंध फार थोडा.

मग ताकद कधी येते? शास्त्रज्ञांनी उंदरांच्या कातडीवर जखमा करून, त्या शिवून, ठरावीक दिवसांनी त्याच पट्ट्या ओढून तोडल्या. आपल्या यूटीएमवर आपण सळई तोडतो, अगदी तसंच. त्यातून जो कर्व्ह आला तो बघून मी चाट पडलो. पहिल्या आठवड्याच्या शेवटी जखमेची ताकद मूळ कातडीच्या शंभरात जेमतेम तीन ते पाच. तीन आठवड्यांनी वीसच्या आसपास. तीन महिन्यांनी ऐंशीच्या घरात. आणि पुढे? पुढे काही नाही. कर्व्ह तिथेच आडवा होतो, शंभरला कधीच पोचत नाही. शीथचे आकडे थोडे वेगळे असतील, पण कर्व्हचा तोंडवळा तोच. आई अकराव्या दिवशी हंडा उचलत होती तेव्हा तिचं पोट जवळजवळ पूर्णपणे आतल्या दोऱ्यावर उभं होतं.

हे असं का, ते समजून घ्यायला मजा येते. छेद पडल्याबरोबर रक्तातल्या प्लेटलेट्स गोळा होतात आणि फायब्रिन नावाचं धाग्यांचं जाळं तयार होतं. हे म्हणजे सेंटरिंग, त्यावर कुणी उभं राहायचं नसतं. मग येतात सफाई कामगार. आधी न्यूट्रोफिल्स, दोन-तीन दिवसांनी मॅक्रोफेज. जंतू, मेलेल्या पेशी, कचरा सगळं खाऊन टाकतात. जखमेभोवतीची लाली, ऊब आणि ठणका ही या मंडळींची वर्दळ. तीन ते पाच दिवसांनी फायब्रोब्लास्ट पेशी येतात आणि कोलॅजेनचे धागे ओतायला लागतात. पण घाईघाईत ओततात! हे पहिलं कोलॅजेन बारीक असतं, धागे कसेही पडलेले. नंतर महिनोन् महिने शरीर तेच काम उसवून पुन्हा करतं. कच्चे धागे काढायचे, जाड घालायचे, ताणाच्या दिशेनं लावायचे, एकमेकांना आडव्या बंधांनी जोडायचे. हे वर्षभर किंवा त्याहूनही जास्त चालतं. लाल व्रण हळूहळू पांढरा पडतो तो याच काळात.

आता हंड्याकडे वळू. थिन सिलिंडरचा चॅप्टर आठवतोय ना? पोट म्हणजे साधारण सिलिंडर धरा (नाहीये, पण व्हायवापुरतं धरा). माणूस उभ्यानं जोरात खोकला की पोटातला दाब शंभर मिलिमीटर पाऱ्याच्या आसपास जातो, म्हणजे 13.3 किलोपास्कल. त्रिज्या 15 सेंटीमीटर. दाब गुणिले त्रिज्या केलं की उभ्या शिवणीवर दर सेंटीमीटरला 20 न्यूटन, म्हणजे दोन किलोचा ताण येतो. बारा सेंटीमीटरला चोवीस किलो. एका खोकल्यात! वाकून वजन उचलतानाही दाब असाच उसळतो. शिवाय उभी शिवण म्हणजे लाँजिट्युडिनल सीम, तिच्यावर हूप स्ट्रेस. छेद आडवा असता तर ताण निम्मा आला असता. बॉयलरचा नियम आईच्या पोटालाही लागू! त्यात शीथचे धागे बरेचसे आडवे धावतात, त्यामुळे उभा छेद ते कापतच जातो. पण मोठी गाठ काढायला जागा लागते, तिथे डॉक्टरांचाही इलाज नसतो.

तरीही दोरा सहसा तुटत नाही. दोरा शाबूत राहतो आणि पडदा कापला जातो, तारेनं साबण कापावा तसा. म्हणून शिवण्याची पद्धत फार महत्त्वाची. जेन्किन्स नावाच्या सर्जननं 1976 मध्ये दाखवलं की दोऱ्याची लांबी जखमेच्या निदान चौपट हवी, कारण ऑपरेशननंतर पोट फुगतं आणि शिवणीला त्याबरोबर ताणायला वाव लागतो. माझा समज होता की जितकं आवळाल तितकं बरं. साफ चूक. फार आवळलं की मधल्या भागाचं रक्त थांबतं, तो मरतो आणि टाका आपोआप सैल पडतो.

याहून गमतीची गोष्ट पुढे आहे. रिव्हेटच्या जॉइंटमध्ये भोक कडेपासून लांब ठेवा, नाहीतर प्लेट फाटेल, हे आपण घोकलेलं असतं. सर्जनही वर्षानुवर्षं कडेपासून एक सेंटीमीटरवर मोठा टाका घेत होते. नेदरलँड्समधल्या दहा हॉस्पिटलांत 560 रुग्णांवर याची तुलना झाली, निकाल 2015 मध्ये प्रसिद्ध झाला. एका गटाला एक सेंटीमीटरचे मोठे टाके, दुसऱ्याला पाच मिलिमीटर अंतरानं पाच मिलिमीटरचे छोटे. वर्षभरानंतर मोठ्या टाक्यांच्या गटात 21 टक्के लोकांना हर्निया आणि छोट्यांच्या गटात 13 टक्के. आपला नियम उलटा पडला! कारण मोठ्या टाक्यात शीथबरोबर चरबी आणि स्नायूही सापडतात, ते दबून मरतात आणि टाका ढिला होतो. जिवंत प्लेटला आपलं टेबल चालत नाही.

दोऱ्यांचंही एक वेगळंच जग आहे. सुश्रुतसंहितेत ताग, सूत, केस, स्नायूचे तंतू असे शिवण्याचे पदार्थ सांगितलेत. आतड्याची जखम मोठ्या काळ्या मुंग्यांकडून चाववून घ्यायची आणि मग धड तोडून डोकी तशीच ठेवायची, हेही आहे. जगातला पहिला स्टेपलर म्हणायला हरकत नाही! पुढे जनावरांच्या आतड्यापासून केलेला कॅटगट आला. आता विरघळणारे कृत्रिम दोरे आहेत. पॉलिग्लॅक्टिन पाण्यानं हळूहळू तुटत जातं, तीन आठवड्यांत ताकद निम्मी होते आणि दोन-अडीच महिन्यांत दोरा नाहीसा होतो. वरचा कर्व्ह आठवा : तीन आठवड्यांनी जखम वीस टक्क्यांवर! म्हणून शीथला सहसा पॉलिडायॉक्झॅनोन वापरतात, ते सहाएक महिने टिकून राहतं. किंवा मग न विरघळणारं पॉलिप्रॉपिलीन. दोऱ्याच्या नंबरचा हिशेब मात्र आपल्या वायर गेजसारखा उलटा : शून्यं जितकी जास्त तितका दोरा बारीक.

एक घरची गोष्ट सांगायलाच हवी. ऑपरेशननंतर आजीनं आईचं आंबट सगळं बंद केलं होतं, लिंबू, चिंच, आवळ्याचं लोणचं, का तर "जखम चिघळते". मी आजीशी वाद घातला नाही, कारण मलाही काही ठाऊक नव्हतं. कोलॅजेनचे धागे पक्के विणायला क जीवनसत्त्व लागतंच लागतं. 1740 च्या दशकात अँसन नावाच्या इंग्रज आरमारी अधिकाऱ्याच्या जगप्रवासात खलाशांना स्कर्व्ही झाली. त्यातल्या एकाला पन्नास वर्षांपूर्वी लढाईत झालेली जखम, कधीच भरून आलेली, पुन्हा उघडली. पन्नास वर्षांनी! म्हणजे व्रण एकदा बांधून मोकळा होणारा पूल नाही. त्याचं मेंटेनन्स शरीर रोज करत असतं, माल पोचला नाही की काम उसवतं. आजीचं लिंबू आता सुरू आहे, वरणाची वाटीही वाढली आहे.

मी डॉक्टरांना सरळ विचारलं, "हे हंड्यांमुळे झालं का?" ते म्हणाले, "असं छातीठोक कुणी सांगू शकत नाही. खोकला, वजन, शुगर, जखमेतला संसर्ग, आमची शिवण, काहीही असू शकतं. नीट काळजी घेऊनही काहींना होतोच." ते तेरा टक्के मी नंतर वाचले तेव्हा त्यांचं म्हणणं कळलं. पण तेव्हा काही बरं वाटलं नाही. यंत्र बिघडलं की आपण कारण शोधतो, एकच सापडावं अशी अपेक्षा असते. इथे पाच कारणं होती आणि त्यातलं एक साडेसातला उठलं होतं.

जानेवारीत दुसरं ऑपरेशन झालं. या वेळी आत जाळी बसवली. पॉलिप्रॉपिलीनची, म्हणजे मेसमधल्या खुर्च्यांच्या प्लास्टिकची. जाळीच्या भोकांतून नवे धागे वाढतात आणि ती पोटाच्या भिंतीचाच भाग होऊन जाते. सिव्हिलवाल्यांना सळई आणि काँक्रीट लगेच कळेल. टाके पुन्हा दहाव्या दिवशी निघाले. ती तारीख मी कॅलेंडरवर लिहिलीच नाही. डॉक्टरांनी या वेळी आठ आठवडे सांगितले होते, ती तारीख लाल पेननं गोल केली आणि तोवर पाणी भरायला चुलतभावाला लावलं. सबमिशनच्या धामधुमीतही रोज सहाला त्याला मिस्ड कॉल द्यायचो.

ते आठ आठवडे कधीच उलटले. आता सुट्टीला गेलो की पावणेसहाचा गजर लावतो. मी पहिला हंडा लावेपर्यंत आई उठून दारात आलेलीच असते आणि म्हणते, "राहू दे रे, मी घेते."