तळ्याच्या काठाकाठानं

अर्जात एक रकाना होता : 'पोहता येतं का?' मी 'नाही' असं लिहिलं आणि लेकीकडं पाहिलं. मनात म्हटलं, आता हे लोक आपल्याला परत पाठवतील आणि सुटका होईल. पण तिथल्या मुलानं कागद वाचला, मान डोलावली आणि माझ्या अंगावर एक लाइफ जॅकेट चढवून त्याचे पट्टे असे आवळले, की पुढचे तीन तास मला पोटभर श्वास घेता आला नाही.

मी माण तालुक्यातला. आमच्याकडं पोहणं शिकायचं ते विहिरीत, पाठीला सुका भोपळा नाहीतर पत्र्याचा डबा बांधून. पण विहिरीला पाणी असायचं ते संक्रांतीपर्यंत, आणि पाणी असेल तेव्हा आमची अम्मा मला तिकडं फिरकू द्यायची नाही. त्यामुळं पन्नाशी उलटली तरी पाण्याशी माझा संबंध बादलीपुरताच राहिला. असा माणूस २०२४ च्या सप्टेंबरात अमेरिकेतल्या लेक टाहो या सरोवराच्या काठावर कयाकमध्ये बसला, याला कारण माझी लेक. ती सॅक्रामेंटोला नोकरी करते. "अब्बा, गाडीतून तळं बघणं म्हणजे खिडकीतून लग्न बघणं," असं म्हणून तिनं वाटाड्यासह तीन तासांची सफर ठरवूनच टाकली होती.

टाहो सरोवर कॅलिफोर्निया आणि नेवाडा या दोन राज्यांच्या सीमेवर, सिएरा नेवाडाच्या डोंगरांत आहे. लांबी सुमारे ३५ किलोमीटर, रुंदी १९. पाण्याची पातळी समुद्रसपाटीपासून सुमारे १,८९७ मीटरवर, म्हणजे आपल्या कळसूबाईच्या शिखरापेक्षा अडीचशे मीटर उंच! आणि जास्तीत जास्त खोली ५०१ मीटर. एकावर एक जवळजवळ सात कुतुबमिनार उभे केले तर सगळ्यांत वरचा कसाबसा पाण्याबाहेर डोकावेल. हे आकडे मी आदल्या रात्री वाचले होते. वाचायला नको होते.

कयाक हा शब्द आणि ती होडी, दोन्ही उत्तर ध्रुवाकडच्या इन्युइट लोकांची. लाकडाच्या किंवा हाडांच्या सांगाड्यावर सीलचं कातडं ताणून ते ही होडी बनवत आणि शिकारीला जात. आमची प्लास्टिकची होती. वरच बसायचं, त्यामुळं उलटली तरी माणूस आत अडकत नाही. वल्ह्याला दोन्ही टोकांना पाती. दोघांच्या कयाकमध्ये पुढचा ताल धरतो आणि मागचा दिशा सांभाळतो. म्हणजे मी पुढं, आणि कुठं जायचं ते ठरवणार मागं बसलेली लेक. एरवीही आमच्या घरात हल्ली असंच चालतं.

पहिली दहा मिनिटं मी नुसता घाम गाळला. गाइड बाई जवळ आल्या आणि म्हणाल्या, हातानं ओढू नका, कमरेतून वळा. पातं पायाच्या अंगठ्याजवळ पाण्यात घालायचं, कमरेशी आलं की बाहेर काढायचं. ते जमलं आणि खांद्यांवरचा भार एकदम उतरला. मागून लेक म्हणाली, "अब्बा, आता वल्हं मारताय. मघाशी पाणी कुटत होता."

आम्ही निघालो ते सँड हार्बर नावाच्या वाळूच्या किनाऱ्यावरून, नेवाडाच्या बाजूला. तिथून दक्षिणेला अडीच-तीन किलोमीटरवरच्या एका जुन्या दगडी वाड्यापर्यंत जायचं आणि परत फिरायचं. सकाळी लवकर निघण्याला कारण आहे. दुपारनंतर नैऋत्येचा वारा सुटतो, लाटांना मोकळं पाणी लांबवर मिळतं आणि त्या सगळ्या या पूर्वेच्या काठावर येऊन आदळतात. नवख्यानं गाइडशिवाय जाऊ नये ते या वाऱ्यासाठी, आणि पाण्याच्या गारठ्यासाठी. उन्हाळ्याच्या अखेरीसही ते पाणी हाताला चटका द्यावा इतकं गार लागतं. पोहणारा माणूसही अचानक पडला तर पहिल्या क्षणी दम कोंडतो. म्हणूनच ते पट्टे आवळलेले.

काठापासून थोडं आत गेल्यावर मी खाली पाहिलं आणि पोटात गोळा आला. पाणी दिसेचना. खाली ग्रॅनाइटचे घराएवढे गोटे पडलेले, त्यांच्यावर आमच्या होडीची सावली, आणि त्या सावलीच्या वर आम्ही हवेत टांगल्यासारखे. किती खोल असेल, असं विचारलं. गाइड म्हणाल्या, वीस-पंचवीस फूट. मला ते हातभर वाटत होतं.

पाणी इतकं नितळ का? भोवतालचा खडक बहुतेक ग्रॅनाइटचा, माती कमी, आणि पावसा-बर्फाचा मोठा वाटा थेट तळ्यातच पडतो. पण हा नितळपणा कमी होत चालला आहे. एक पांढरी थाळी दोरीनं पाण्यात सोडायची आणि ती दिसेनाशी होईल ती खोली मोजायची, असा साधा प्रयोग कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या डेव्हिस शाखेचे शास्त्रज्ञ १९६८ पासून करत आले आहेत. त्या वर्षी सरासरी ३१ मीटरपर्यंत थाळी दिसत होती. अलीकडच्या वर्षांत ती १९ ते २२ मीटरवर नाहीशी होते. कारण रस्त्यांवरची आणि बांधकामांची बारीक धूळ, आणि सूक्ष्म शेवाळ. भोवतालचे साठहून जास्त ओढे-नाले या तळ्यात येतात, बाहेर जाणारी नदी मात्र एकच, ट्रकी. तीही समुद्राला मिळत नाही, वाळवंटातल्या पिरॅमिड लेकमध्ये संपते. इथं आलेला पाण्याचा थेंब बाहेर पडायला सरासरी साडेसहाशे वर्षं लागतात असा अंदाज आहे. तेव्हा इथं जे येतं ते मुक्कामालाच येतं.

डावीकडं डोंगरावर पाइनचं दाट जंगल. मी म्हणालो, किती जुनं जंगल हे! गाइड बाई म्हणाल्या, झाडांचे बुंधे बघा. नीट पाहिलं तर बहुतेक सगळी झाडं एका वयाची, शाळेच्या रांगेत उभी असल्यासारखी. १८५९ मध्ये डोंगरापलीकडं व्हर्जिनिया सिटीजवळ चांदीची प्रचंड खाण सापडली. खाणीच्या बोगद्यांना आधार द्यायला लाकूड हवं होतं. पुढच्या तीन-चार दशकांत या तळ्याभोवतीचं जंगल जवळजवळ सगळं तोडलं गेलं. आम्ही जिथून निघालो त्या सँड हार्बरला ओंडक्यांचे तराफे ओढून आणत. तिथून छोट्या रेल्वेनं गिरणीत, गिरणीतून तारेच्या दोरानं डोंगरमाथ्यावर, आणि पलीकडच्या उतारावर पाण्याच्या पन्हळीतून खाली. ते जुनं अरण्य आज जमिनीखाली खाणीत आहे. डोळ्यांसमोर आहे ते नंतर उगवलेलं.

जंगल जाळणाऱ्यांत एक लेखकही आहे. मार्क ट्वेन १८६१ मध्ये इथं तळ ठोकून राहिला असताना त्याच्या शेकोटीनं डोंगर पेटला. त्यानं स्वतःच 'रफिंग इट' या १८७२ च्या पुस्तकात ते सांगितलं आहे. आम्ही कवी मंडळी त्या मानानं निरुपद्रवी.

वाटेत बॉनसाय रॉक नावाचा एक मोठा खडक पाण्यातून वर आलेला आहे आणि त्याच्या फटींतून तीन-चार खुरटी झाडं उगवली आहेत. मूठभर मातीसुद्धा दिसत नाही. मी ते पाहत रेंगाळलो, आणि तेवढ्यात दूरवरून एक मोटारबोट गेली. तिच्या लाटा आमच्यापर्यंत यायला अर्धं मिनिट लागलं असेल. होडी डुलली आणि मी वल्हं मांडीवर टाकून दोन्ही हातांनी कड घट्ट धरली. होडी आणखीच हेलकावू लागली. गाइड बाई ओरडल्या, "कड सोडा, वल्हं मारा!" मागून लेकीचा आवाज आला, "अब्बा, सोडा!" त्या आवाजात भीती होती. ती मला पोहता येत नाही म्हणून घाबरली होती, हे माझ्या तेव्हा लक्षात आलं; सकाळपासून ती थट्टाच करत होती. मी कड सोडली. कड धरून अंग ताठ केलं की माणसाचं वजन होडीबरोबर कलंडतं; वल्हं पाण्यात असलं की त्याचाच आधार होतो आणि नाक लाटेच्या दिशेनं वळवता येतं. तिनं नाक वळवलं, दोन-तीन लाटा खालून निघून गेल्या. पुढं बराच वेळ आम्ही दोघंही काही बोललो नाही.

मग तो वाडा आला. थंडरबर्ड लॉज. सॅन फ्रान्सिस्कोचा गर्भश्रीमंत जॉर्ज व्हिटेल यानं तो १९३६ ते १९३९ या काळात बांधला. १९२९ च्या बाजार कोसळण्याआधी त्यानं आपले शेअर विकून टाकले होते. त्या पैशातून त्यानं सुमारे ४० हजार एकर जमीन आणि या बाजूचा जवळजवळ सगळा किनारा विकत घेतला. त्यानं सिंह पाळला होता. घरापासून होडीघरापर्यंत खडकातून सुमारे सहाशे फुटांचा बोगदा खणला होता. आधी हॉटेल, जुगारघर बांधायचा बेत होता, पण त्याला शेजारी नकोसे झाले आणि त्यानं काहीच बांधलं नाही. १९६९ मध्ये तो वारला. पुढं त्याच्या जमिनीचा मोठा भाग सरकारकडं आला. समोरच्या कॅलिफोर्नियाच्या काठावर बंगल्यांची दाटी आहे आणि हा काठ रिकामा राहिला, तो एका माणसाच्या माणूसघाणेपणामुळं. मी त्याचे आभार मानावेत की नाही, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

होडीतून उतरून वाड्यावर जाता येत नाही. आम्ही पाण्यातूनच पाहिलं. दगडकाम सुंदर आहे, दगडाला दगड असा बसवला आहे की भिंत खडकातून उगवल्यासारखी वाटते. हे कुणी केलं, असं मी विचारलं. गाइड बाई म्हणाल्या, कार्सन सिटीजवळच्या स्टुअर्ट इंडियन स्कूलमध्ये गवंडीकाम शिकलेल्या आदिवासी कारागिरांनी.

ती शाळा १८९० मध्ये सुरू झाली आणि १९८० मध्ये बंद झाली. वाशो, पायूट, शोशोनी या जमातींची मुलं घरापासून तोडून तिथं ठेवत, आणि सुरुवातीची कित्येक वर्षं त्यांना आपली भाषा बोलायला बंदी होती. बोललं तर शिक्षा. आणि हे तळं मुळात वाशो लोकांचं. हजारो वर्षं ते उन्हाळ्यात इथं मासे धरायला यायचे, शरदात पाइनच्या बिया गोळा करायला पूर्वेच्या डोंगरांत जायचे, हिवाळ्यात खालच्या खोऱ्यात उतरायचे. आमच्याकडचे धनगर मेंढरं घेऊन ऋतूबरोबर जसे फिरतात, तसे. त्यांच्या भाषेत या पाण्याला 'दा-आव' म्हणतात. अर्थ साधा, तळं. आलेल्या गोऱ्यांनी मध्यंतरी एका गव्हर्नरच्या नावावरून त्याला लेक बिगलर केलं. 'टाहो' हे नाव अधिकृत झालं १९४५ मध्ये. म्हणजे लेक टाहो म्हणजे तळं तळं. मला हसू आलं. आपणही 'संगमरवरी दगड' म्हणतोच की. फारसीत 'संग' म्हणजेच दगड.

हसू फार टिकलं नाही. वाशो भाषा अस्खलित बोलणारे आता फार थोडे म्हातारे लोक उरले आहेत. आमच्या घरात दखनी बोलतात, मी कविता मराठीत लिहितो. तीस वर्षं मला लोक कौतुकानं विचारत आले आहेत, तुम्ही मराठी इतकं चांगलं कसं हो बोलता? मी हसून वेळ मारून नेतो. पण माझ्या तोंडातली एकही भाषा मला कुणी मारून विसरायला लावली नाही. त्या भिंतीतले दगड बसवणाऱ्यांना संध्याकाळी काम संपल्यावर समोरच्या पाण्याला कोणत्या शब्दानं हाक मारावीशी वाटत असेल?

मी लेकीला म्हटलं, तू इथं राहतेस, हा शब्द लक्षात ठेव. ती म्हणाली, "दा-आव. ठेवला. आता वल्हं उचला, वारा सुटलाय."

परतताना खरंच लाटा उठल्या होत्या. काठाला धरून, खडकांच्या आडोशानं आलो. वाळूवर उतरल्यावर माझे पाय लटपटत होते. लेकीनं डब्यातली चपाती आणि अंड्याची भुर्जी काढली. तेवढ्यात गाइड बाई आणि तो मुलगा कयाक पालथ्या घालून फडक्यानं कोरड्या करायला लागले. सांधे, खाचा, बसायच्या जागा, सगळं. एका तळ्याचं पाणी दुसऱ्या तळ्यात जाऊ नये, त्यातून परके शिंपले आणि वनस्पती पसरतात, म्हणून होडी पाण्यातून काढली की ती रिकामी करून, धुऊन, वाळवून ठेवावी लागते. मी हात पुसले, एक फडकं मागून घेतलं आणि आमची कयाक पुसायला बसलो.