शेटलंडचा भूतपतंग

पतंग म्हटला की दिव्याभोवती घिरट्या घालणारा कीटक डोळ्यांपुढे उभा राहतो. परंतु पतंगांच्या जाती अनेक आहेत आणि प्रत्येक जातीची जगण्याची रीत निराळी आहे. ब्रिटनमधील 'घोस्ट मॉथ', म्हणजेच भूतपतंग, हा असाच एक नवलाचा कीटक होय.

या पतंगाच्या अळ्या जमिनीखाली राहतात आणि गवताची व इतर वनस्पतींची मुळे कुरतडून वाढतात. त्यांची पूर्ण वाढ होण्यास दोन किंवा अधिक वर्षे लागतात. पुढे कोशातून बाहेर पडलेला पतंग मात्र थोडेच दिवस जगतो. तो काही खातही नाही. जोडीदार शोधणे आणि अंडी घालणे एवढेच कार्य त्या अल्प आयुष्यात उरकायचे असते.

भूतपतंगाची मादी पिवळसर असून तिच्या पंखांवर तांबूस नक्षी असते. नराचे पंख मात्र वरून पांढरेशुभ्र असतात. जून-जुलै महिन्यांत दिवस मावळला की अनेक नर कुरणात जमतात. प्रत्येक नर गवताच्या शेंड्यांवर थोड्याशा जागेत, घड्याळाच्या लंबकाप्रमाणे झुलत राहतो. अंधुक प्रकाशात असे पांढरे ठिपके अधांतरी हलताना दिसले म्हणजे भुतांचा भास व्हावा, यात नवल ते काय? भूतपतंग हे नाव त्यावरूनच पडले. मादीला मात्र ते ठिपके दुरूनही ओळखू येतात. काळोखात पांढरा रंग हीच जणू नराची हाक असते.

आता स्कॉटलंडच्या उत्तरेस समुद्रात असलेल्या शेटलंड बेटांकडे वळू. ही बेटे मुख्य भूमीपासून सुमारे १७० किलोमीटर दूर आहेत. येथेही भूतपतंग आढळतो. परंतु येथील सर्व नर पांढरे नसतात. काही पांढरे, काही फिकट पिवळसर, तर काही मादीसारखेच नक्षीदार असतात. म्हणून शास्त्रज्ञांनी या पतंगास निराळी उपजाती मानले. १८६५ साली न्यूमन यांनी तिला 'थुलेन्सिस' असे नाव दिले. प्राचीन काळी युरोपातील लोक उत्तरेकडील अतिदूरच्या भूमीस 'थुले' म्हणत. त्यावरून हे नाव आले. उपजाती म्हणजे एकाच जातीतील, विशिष्ट प्रदेशात राहणारा आणि रूपाने वेगळा असा समूह होय.

हा फरक कशामुळे पडला असेल? याचे उत्तर तेथील आकाशात सापडते. शेटलंड बेटे उत्तर ध्रुवाच्या बाजूस इतकी सरकलेली आहेत की, जूनच्या अखेरीस तेथे दिवस सुमारे एकोणीस तासांचा असतो. उरलेल्या वेळातही संधिप्रकाश रेंगाळत राहतो. गडद काळोख होतच नाही. अशा उजेडात पांढरा नर मादीला दिसतो, तसा भुकेल्या समुद्रपक्ष्यांनाही दिसतो. कुरव पक्षी झुलणाऱ्या पतंगांवर झडप घालतात. याउलट, तपकिरी छटेचा नर गवताच्या रंगात मिसळून जातो, आणि उजेड पुरेसा असल्याने मादीला तो तरीही शोधता येतो.

याचा अर्थ पतंगाने विचार करून आपला रंग बदलला, असे नव्हे. कोणत्याही जातीत जन्मतःच थोडेफार वेगळे जीव निपजतात. शेटलंडमध्ये गडद रंगाचे नर शत्रूच्या तावडीतून अधिक वाचले, त्यांची संतती वाढली आणि पिढ्यानुपिढ्या तो रंग टिकून राहिला, असे शास्त्रज्ञ मानतात. या क्रियेस नैसर्गिक निवड म्हणतात.

जो पांढरा रंग दक्षिणेकडील काळोख्या रात्री नराला जोडीदार मिळवून देतो, तोच उत्तरेकडील उजळ रात्री त्याच्या जिवावर बेततो. निसर्गात कोणताही गुण सर्वत्र सारखाच हितकारक नसतो. जीवाचे रूप समजून घ्यावयाचे असेल, तर तो जेथे राहतो तेथील भूमी, प्रकाश आणि शत्रू यांचाही विचार करावा लागतो.